वीस वर्षं तो झोपला, घर कुणी चालवलं?

कामं आवरली असतील तर बसा. नसतील आवरली तर हात चालू ठेवा आणि कान इकडे द्या. शेंगा फोडता फोडता, वाती वळता वळता ऐकण्यासारखाच आजचा विषय आहे. आज बी-बियाणं नाही, व्याजाचा हिशेब नाही. आज गोष्टी सांगणार आहे. पुढे थोडं कायद्याचंही येईल, पण तेही या गोष्टींतूनच निघालं आहे.

एक गोष्ट जगात बऱ्याच ठिकाणी सांगतात. कुणीतरी माणूस घर सोडून एका जागी जातो. ती जागा कधी डोंगरात असते, कधी समुद्राच्या तळाशी, कधी देवाच्या दारी. तिथं तो थोडासा वेळ थांबतो. परत येतो तर गावात ओळखीचं कुणी उरलेलं नसतं. त्याचा घटकाभर गेलेला असतो आणि इथं पिढ्या गेलेल्या असतात. अशी जागा खरी कुठं नाही, पण चीनच्या गोष्टीत ती आहे, जपानच्या आहे, आयर्लंडच्या आहे, अमेरिकेच्या आहे आणि आपल्या पुराणातही आहे. एकमेकांना कधी न भेटलेल्या माणसांना सारखंच कसं सुचलं असेल, हा प्रश्न मला नेहमी पडतो.

चीनमधली गोष्ट अगदी छोटी आहे. एक लाकूडतोड्या डोंगरात गेला. तिथं काही मुलं पटावरचा डाव खेळत आणि गाणी म्हणत बसली होती. हा बघत उभा राहिला. मुलांनी त्याला खारकेच्या बीसारखं काहीतरी दिलं, ते तोंडात ठेवल्यावर त्याला भूक लागेना. थोड्या वेळानं मुलं म्हणाली, घरी जायचं नाही का? त्यानं कुऱ्हाड उचलली तर दांडा कुजून गेलेला. गावात आला तर त्याच्या काळातलं कुणीच नाही. तो डोंगर आजही तिकडे चेजियांग प्रांतात दाखवतात आणि त्याचं नावच मुळी ‘कुजलेल्या दांड्याचा डोंगर’ असं आहे. मला यातलं एकच आवडतं. वेळ गेल्याचं त्याला आरशातून नाही, हातातल्या अवजारावरून कळलं. आपल्यालाही खुरप्याची मूठ गुळगुळीत झाली, पाटा टाकी लावायला आला, की मगच कळतं ना.

जपानमधली गोष्ट फार जुनी. आठव्या शतकात लिहिलेल्या त्यांच्या ग्रंथांत ती सापडते. उराशिमा नावाचा कोळी होता. त्यानं एका कासवाला जीवदान दिलं, आणि त्या उपकाराची फेड म्हणून त्याला समुद्राखालच्या राजवाड्यात जायला मिळालं. त्या राजवाड्याचं वर्णन ऐका. चार दिशांना चार दारं. पूर्वेचं दार उघडलं की वसंत, झाडांना मोहोर. दक्षिणेचं उघडलं की उन्हाळा. पश्चिमेला पानगळ, सगळी पानं लालभडक. उत्तरेला बर्फ. म्हणजे चारही ऋतू एकाच वेळी, चार दारांआड उभे. आमच्या गटात ही गोष्ट सांगितली तेव्हा एक आजी चटकन म्हणाली, ‘मग पेरायचं कधी आणि काढायचं कधी?’ तिनं बरोबर नस पकडली. जिथं ऋतू एकामागून एक येत नाहीत, तिथं वर्ष सरत नाही. आपला काळ घड्याळानं नाही, नक्षत्रांनी चालतो. मृग गेला, आर्द्रा आल्या, की आपण म्हणतो दिवस पुढे सरकले.

तिथं तो राजकन्येबरोबर तीन वर्षं राहिला. मग आईबापांची आठवण आली. राजकन्येनं त्याला एक पेटी दिली आणि सांगितलं, उघडू नकोस. तो गावात आला तर तीनशे वर्षं झालेली. घर नाही, आईबाप नाहीत. सैरभैर होऊन त्यानं पेटी उघडली, आतून धूर निघाला आणि तो तिथल्या तिथं म्हातारा झाला. त्याची वर्षं त्या पेटीत बंद करून ठेवलेली होती.

गोष्ट त्याची आहे, म्हणून सगळे त्याच्यासाठी हळहळतात. मी विचार करते त्याच्या आईचा. पोरगा समुद्रावर गेला आणि आला नाही. तिनं किती दिवस किनाऱ्यावर चकरा मारल्या? भाकरी झाकून ठेवायची कधी थांबवली? तिच्या वाट्याला पेटी नव्हती. तिची वर्षं रोजच्या रोज तिच्या अंगावरूनच गेली.

आता आपल्याकडे येऊ. भागवताच्या नवव्या स्कंधात कुशस्थलीच्या ककुद्मी राजाची कथा आहे. त्याची मुलगी रेवती. तिच्या तोडीचा नवरा मिळेना, म्हणून राजा तिला घेऊन थेट ब्रह्मदेवाकडे गेला. तिथं गंधर्वांचं गाणं चाललं होतं. मध्येच कसं बोलायचं, म्हणून बापलेक थांबले. गाणं संपल्यावर राजानं मनातली स्थळं सांगितली. ब्रह्मदेव हसला. म्हणाला, अरे राजा, तू गाणं ऐकत होतास तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं गेली. ती स्थळं गेली, त्यांची मुलं-नातवंडं गेली, त्यांची गोत्रंसुद्धा आता कुणाला ठाऊक नाहीत.

एक चतुर्युग म्हणजे ४३ लाख २० हजार वर्षं. सत्तावीसनं गुणा. ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षं होतात. एक गाणं!

ब्रह्मदेवानं बलरामाचं स्थळ सुचवलं. दोघं खाली आली. विष्णुपुराणात म्हटलंय की माणसं तोवर उंचीनं आणि बळानं कमी झालेली होती. रेवती जुन्या युगातली, त्यामुळे ती सगळ्यांपेक्षा फार उंच. मग बलरामानं काय केलं? नांगराचं टोक लावून तिला खाली वाकवली आणि बाकीच्या बायकांएवढी केली. लग्न लागलं. बाप हिमालयात तपाला निघून गेला. पुढे मायाबाजाराच्या कथेत अभिमन्यूशी जिचं लग्न होतं, ती वत्सला हिचीच मुलगी.

गाणं ऐकायला थांबायचं बापानं ठरवलं. स्थळ देवानं ठरवलं. उंची नवऱ्यानं ठरवली. या कथेत रेवती एक शब्द बोलत नाही. आई, मैत्रिणी, आपलं गाव, सगळं एका गाण्यात गेलं आणि तिला कुणी विचारलंही नाही की बाई, तुला कसं वाटतंय. आपल्यातल्या कितीजणींना हे अनोळखी वाटेल? लग्न होऊन सासरी आलं की पहिलं काम वाकायचंच असतं. नांगर दिसत नाही एवढंच.

माहेराचंही असंच आहे बघा. आपण येतो तेव्हा जे माहेर सोडून येतो, ते मनात तसंच्या तसं राहतं. आई तीच, परसातली जाई तीच. वर्षानं, दोन वर्षांनी गेलं की आई एकदम म्हातारी दिसते. जात्यावरच्या ओव्यांत माहेर एवढं का भरलंय, त्याचं कारण हेही असावं. गी पॉइटव्हॅँ आणि हेमा राईरकर यांनी आपल्या महाराष्ट्रातल्या खेडोपाडी फिरून लाखाच्या वर ओव्या जमवल्या. पहाटे घर झोपलेलं असताना बायका जे गायल्या, ते त्यामुळे टिकलं.

आता कुणी म्हणेल, ही सगळी भाकडकथा. तर थोडं थांबा. वेळ सगळीकडे सारखा चालत नाही, हे शास्त्रानंही दाखवलंय. मोबाईलमध्ये आपण कुठं आहोत ते कळतं ना, ते वर फिरणाऱ्या जीपीएस उपग्रहांमुळे. त्या उपग्रहांतली घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज थोडी पुढे जातात. सेकंदाचे दहा लाख भाग केले तर त्यातले सुमारे ३८ भाग. ती दुरुस्ती केली नाही तर मोबाईल आपल्याला भलत्याच गावात दाखवेल. तेव्हा पुराणवाल्यांचा आकडा मोठा असेल, पण विचार अगदीच वेडा नाही.

ज्या गोष्टीसाठी आज बोलायला बसले, ती मात्र अमेरिकेची आहे. वॉशिंग्टन आयर्विंग नावाच्या लेखकानं १८१९ साली ती छापली. गोष्टीतल्या माणसाचं नाव रिप व्हॅन विंकल. हडसन नदीकाठी कॅटस्किल डोंगराच्या पायथ्याशी त्याचं गाव. तेव्हा अमेरिकेवर इंग्लंडच्या राजाचं राज्य होतं. रिप स्वभावानं चांगला, पोरांचा लाडका. शेजाऱ्याची भिंत बांधायची असो, मका सोलायचा असो, हा हजर. गावातल्या बायकांची बारीकसारीक कामं हौसेनं करायचा. फक्त स्वतःच्या घरचं काम त्याला जमायचं नाही. बापजाद्यांची जमीन होती, ती त्याच्या हाती येऊन कमी होत होत मक्याचा आणि बटाट्याचा एक तुकडा उरला. पोरं फाटक्या कपड्यांत. बायको बोलायची. तो खांदे उडवायचा आणि घराबाहेर पडायचा.

एके दिवशी असाच बंदूक आणि कुत्रा घेऊन डोंगरात गेला. तिथं जुन्या पोशाखातली विचित्र माणसं एक खेळ खेळत होती. गोळा घरंगळवायचा आणि खुंट्या पाडायच्या. त्याचा आवाज ढगांच्या गडगडाटासारखा. त्यांची दारू यानं चोरून प्यायली आणि झोपला. उठला तर बंदुकीला गंज, कुत्रा नाही, दाढी हातभर. गावात आला तर खानावळीच्या पाटीवर इंग्लंडच्या राजाच्या जागी जनरल वॉशिंग्टन. मधल्या वीस वर्षांत लढाई होऊन देश स्वतंत्र झाला होता. निवडणूक चालू होती. हा म्हणाला, मी राजाचा माणूस. लोक मारायला उठले. शेवटी एक म्हातारी पुढे आली, कपाळावर हात धरून तिनं नीट न्याहाळलं आणि ओळखलं.

बायको वारल्याचं त्याला कळलं. लिहिणाऱ्यानं ते गमतीत लिहिलंय. एका फेरीवाल्यावर ओरडताना तिची रक्ताची शीर फुटली, आणि ते ऐकून याला बरंच वाटलं. मुलगी ज्युडिथ लग्न होऊन संसाराला लागली होती, तिनं बापाला घरी नेलं. पुढे हा म्हातारा खानावळीच्या बाकावर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला आपली झोपेची गोष्ट सांगत राहिला आणि लोक कौतुकानं ऐकत राहिले.

गोष्ट विनोदी आहे, शाळेत शिकवतात, पोरं हसतात. पण लेखकानं दोन बारीक गोष्टी लिहून ठेवल्या आहेत. एक, रिप आपल्या घरी गेला तेव्हा घर पडलेलं होतं, आणि तिथं तो सरळ सांगतो की खरं बोलायचं तर बाईनं ते घर नेहमी नीटनेटकं ठेवलं होतं. दुसरी, ती बाई अगदी अलीकडेच गेली होती. म्हणजे वीस वर्षांतली बहुतेक वर्षं ती होती. फाटक्या कपड्यांतली पोरं तिनं एकटीनं वाढवली. लढाई झाली, राज्य बदललं, ते सगळं तिनं जागेपणी पाहिलं. नवरा मेला म्हणावं तर प्रेत नाही. जिवंत म्हणावं तर पत्ता नाही. आणि अख्ख्या गोष्टीत त्या बाईला स्वतःचं नाव नाही. रिपला नाव आहे, मुलीला आहे, कुत्र्यालासुद्धा नाव आहे, वुल्फ. ती फक्त व्हॅन विंकलबाई.

आणखी एक बोचणारी गोष्ट. नवरा-बायकोचं भांडण झालं की गावातल्या बायका रिपची बाजू घ्यायच्या. तो त्यांची कामं करायचा ना. बाहेर गोड आणि घरी आयतं, असा माणूस शेजारणीला नेहमीच चांगला दिसतो. आमच्या गटात यावर बराच वेळ कुजबुज झाली. नावं कुणी घेतली नाहीत, पण नजरा फिरल्या.

त्याच बैठकीत एक जण गप्प बसली होती. उठताना म्हणाली, ‘माझाही असाच आहे. झोपलाय का गेलाय, माहीत नाही.’ तिचा नवरा शहरात कामाला गेला. दोन वर्षं फोन यायचे, मग थांबले. त्याला आता सहावं वर्ष. शेती तीच करते, पोरगी बारावीला आहे. एका कार्यालयात कागदासाठी गेली तर उत्तर मिळालं, मालकाला घेऊन या. मालक कुठून आणायचा? सणाला हळदीकुंकवाला बोलवायचं की नाही, यावर आजूबाजूच्या बायका आपसात बोलतात, तेही तिला ऐकू येतं.

म्हणून ही माहिती नीट ऐका. आपल्या कायद्यातही एक घड्याळ आहे आणि ते सात वर्षांचं आहे. एखाद्या माणसाची खबर ज्यांना सहज लागायला हवी, अशा लोकांना सात वर्षं त्याची काहीच खबर नसेल, तर तो हयात आहे असं म्हणणाऱ्यावरच ते सिद्ध करायची जबाबदारी येते. १८७२ च्या पुरावा कायद्यात हे होतं, आणि १ जुलै २०२४ पासून आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमातही आहे. हिंदू विवाह कायद्यात, सात वर्षं जिवंत असल्याची खबर नसणं हे घटस्फोट मागायचं कारण धरलेलं आहे. मुस्लिम बायकांसाठी १९३९ चा कायदा आहे, त्यात चार वर्षं पत्ता नसला तरी विवाह रद्द करून मागता येतो.

पण सात वर्षं झाली म्हणून आपोआप दाखला घरी येत नाही. कोर्टात जावं लागतं, आणि कोर्ट विचारतं की शेवटची खबर कधीची? शोध घेतला का? इथंच बहुतेक बायका अडतात, कारण कुठंच काही लिहिलेलं नसतं. लाज वाटते, सासरचे म्हणतात येईल की, आणि वर्षं निघून जातात. तेव्हा माणूस बेपत्ता झाला की पोलिसांत हरवल्याची तक्रार द्या, तारखेसकट, आणि तिची प्रत घ्या. शेवटचा फोन कधी, शेवटचे पैसे कधी आले, कुणाकुणाकडे चौकशी केली, ते एका वहीत लिहा. ती वही उद्या तुमच्या बाजूनं बोलेल. वकिलाच्या पैशांची काळजी असेल तर १९८७ च्या विधी सेवा कायद्यानुसार कोणत्याही बाईला, तिचं उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, तिथं विचारा. फोन करायचा असेल तर १५१००. लिहून घ्या, पोरांना सांगा मोबाईलमध्ये ठेवायला.

ज्यांचे मालक घरीच आहेत, त्यांच्यासाठीही एक सांगते. लक्ष्मी मुक्ती योजनेत नवऱ्यानं अर्ज केला तर सातबाऱ्यावर बायकोचं नाव सहहिस्सेदार म्हणून लागतं. अर्ज नवऱ्यानंच करायचा असतो, त्यामुळे तो गावात आहे आणि जागा आहे, तोवर विषय काढलेला बरा. रेशनकार्डाचं तर २०१३ च्या अन्नसुरक्षा कायद्यानं ठरवूनच टाकलंय, घरातली वयानं मोठी बाई कुटुंबप्रमुख. कागदावर तरी एका ठिकाणी आपण आधीच प्रमुख आहोत.

आणि एक आकडा. सरकारनं २०१९ मध्ये देशभर घरोघरी विचारलं की तुमचा दिवस कशात जातो. घरातलं बिनपैशाचं काम करणाऱ्या बायकांचे त्यात रोज २९९ मिनिटं जातात असं निघालं. असं काम करणाऱ्या पुरुषांची ९७. एकाच घरात, एकाच छपराखाली. मुलांचं, म्हाताऱ्यांचं करणं यात धरलेलं नाही, ते वेगळं मोजलंय. आता गटाच्या पुढच्या बैठकीत हे करून बघा. एका कागदावर कालचा दिवस लिहा, उठल्यापासून झोपेपर्यंत, आणि शेजारी घरातल्या पुरुषाचा. आम्ही केलं तेव्हा एकीनं ‘काही नाही’ असं लिहिलं, आणि त्या ‘काही नाही’त दोन म्हशी, पाण्याच्या सहा खेपा आणि सासूची औषधं होती.

ती गप्प बसणारी मैत्रीण गेल्या महिन्यात पोलीस ठाण्यात जाऊन आली. आम्ही दोघी बरोबर होतो. तक्रार लिहून घेतली, प्रत मिळाली. एवढी वर्षं गेल्यावर आलात, असं तिथं विचारलं गेलं, तर ती म्हणाली, ‘काम होतं.’

पुढच्या बुधवारी याच वेळी पशुधनाच्या विम्याबद्दल ऐकायचं आहे, विसरू नका. तुमच्या आजीनं अशी वेळेची गोष्ट सांगितली असेल, भुताची, देवाची, डोंगरातल्या गुहेची, कसलीही, तर लिहून किंवा आवाज भरून आमच्याकडे पाठवा, आपण इथं ऐकू. आणि रिपच्या बायकोसाठी एखादं नाव सुचलं तर तेही कळवा. आमच्या गटात सध्या तीन नावांवर वाद चालू आहे.